घरी जाण्याआधी

काचेवर पिल्लू चालत होतं. कोंबडीचं, पिवळंधमक, शवपेटीच्या काचेवर, आतल्या माणसाच्या बरोबर गळ्याशी. कुणीतरी टाकलेले तांदळाचे दाणे ते टिपत होतं. टिक, टिक. अर्लिंदाला आवाज आधी ऐकू आला आणि पिल्लू मागून दिसलं, आणि मधल्या तेवढ्या वेळात तिला वाटलं, नेस्तोर आतून नखाने काच वाजवतोय. मग तिला स्वतःचाच राग आला. खून झालेल्या माणसाच्या पेटीवर पिल्लू ठेवतात हे काय तिला आज कळत होतं? पिल्लू टोचत राहतं तसं मारणाऱ्याचं मन टोचत राहतं आणि कधी ना कधी तो बोलून जातो, असं म्हणतात. भरदुपारी बेकरीच्या दारात गोळ्या घातलेल्या माणसाचं अंत्यदर्शन घ्यायला आपण चाललोय, सोबत वर्गभर पोरं आहेत, तिथे पिल्लू असणारच, एवढा साधा विचार सकाळपासून आपल्या डोक्यात येऊ नये! बस, डबे, उलटीच्या पिशव्या, टोप्या, सगळ्याचा विचार तिने केला होता. पिल्लाचा तेवढा राहिला. आणि पोरांना तर पिल्लूच हवं होतं. दिवसभर साखर कारखान्यातली जुनी इंजिनं आणि फुलपाखरांची बाग बघून कंटाळलेली पोरं टाचा उंचावून पेटीभोवती गोळा झाली. "टीचर, हात लावू?" "टीचर, याचं नाव काय?" "ए, ढकलू नको ना, मेलेल्या माणसासमोर ढकलायचं नसतं." मेलेल्या माणसाकडे कोणी बघतच नव्हतं.

खरं तर ही सहल नेस्तोर अल्मायदाचीच. पालकसंघाचा अध्यक्ष म्हणून बस त्याने मिळवली, आणि हे पिवळे टी-शर्ट आणि पिवळ्या टोप्याही त्यानेच शिवून घेतल्या. "पोरं उसात हरवली तरी दिसली पाहिजेत, टीचर," असं म्हणून हसला होता. सगळ्या शहरात उसाच्या ट्रकांखाली चिरडलेल्या लोकांबद्दल तोच एकटा सभांमधून बोलायचा, नावं घेऊन बोलायचा, आणि बायका त्याचं बोलणं संपल्यावर एकमेकींकडे न बघता पर्स उचलून निघायच्या. अर्लिंदाही निघायची. तो गेला तेव्हा सहल पुढे ढकलली, मग मुख्याध्यापिकाबाई म्हणाल्या, आता जाऊन या, त्याचीच इच्छा समजा, आणि परतीच्या वाटेवर त्याच्या आईच्या गावात, दफन होईपर्यंत पेटी तिथेच आहे, पाच मिनिटं थांबा, पोरांना एक प्रार्थना म्हणायला लावा, बरं दिसतं. बरं दिसतं. बाईंचं सगळं आयुष्य बरं दिसण्यात गेलं, आणि आपलं बाईंना बरं वाटण्यात, असं अर्लिंदाच्या मनात आलं, आणि अशा वेळी असं काही मनात यावं याची तिला जरा लाज वाटली.

घर माणसांनी भरलेलं होतं तरी हालचाल एकाच माणसाची होती. आर्नेल, नेस्तोरच्या धाकट्या मुलीचा धर्मबाप. खुर्च्या तोच लावत होता, बिस्किटांचे डबे तोच फोडत होता, पत्ते कुटत बसलेल्या म्हाताऱ्यांना राखेसाठी बशी तोच देत होता. त्याच्यावाचून त्या घरात पान हलत नव्हतं. नेस्तोरच्या बायकोने मघाशीच अर्लिंदाचा हात धरून सांगितलं होतं, "आर्नेल नसता तर माझं काय झालं असतं, टीचर." आता तो पाठमोरा उभा राहून थर्मासमधून कॉफी ओतत होता. जपमाळ म्हणणाऱ्या बायका एक फेरी संपवून श्वास घ्यायला थांबल्या होत्या. नेमक्या त्या शांततेत अर्लिंदाच्या मागून एक बारीक, स्वच्छ आवाज आला. वर्गात उत्तर देतात तसा, शेवटच्या बाकापर्यंत पोचेल असा.

"टीचर, हे काका त्या दिवशी मोटारसायकलवर मागे बसले होते. बेकरीपाशी. हेल्मेटची काच वर करून थुंकले."

अर्लिंदाने मागे वळून पाहिलं नाही. गरजच नव्हती. वर्गातली प्रत्येक पोर तिला खोकल्यावरून ओळखू येते. क्रिस्तेल. तिची आई बेकरीसमोर केळी तळते आणि क्रिस्तेल तिच्या हातगाडीच्या खाली पोतं अंथरून अभ्यास करते. आईने पोलिसांना सांगितलं होतं, माझं लक्ष तेलाकडे होतं. सगळ्याच चौकाचं लक्ष त्या दुपारी कुठे ना कुठे होतं. आर्नेलने कप काठापर्यंत नीट भरला, थर्मासचं झाकण फिरवून घट्ट केलं, आणि मग वळला. त्याच्यासमोर पिवळे टी-शर्ट होते, पिवळ्या टोप्या होत्या, पेटीला चिकटलेली पोरांची गर्दी होती. त्याची नजर त्या गर्दीवरून सावकाश फिरली, एकदा इकडून तिकडे, एकदा तिकडून इकडे. चेहऱ्यावर काही नव्हतं, पाहुण्यांना अजून काय हवं-नको बघणाऱ्या माणसाचाच तो चेहरा होता. जपमाळेच्या बायकांनी पुढची फेरी एकदम मोठ्या आवाजात सुरू केली. ऐकलं सगळ्यांनी. कोणीच ऐकलं नाही. "चला, चला, रांग करा, उशीर झाला," अर्लिंदा म्हणाली, आणि स्वतःचा आवाज तिला दुसऱ्या कुणाचा तरी वाटला.

अशा घरातून निघताना आभार मानायचे नसतात, आणि घरच्यांनी पाहुण्यांना दारापर्यंत सोडायला यायचं नसतं. आर्नेल काही घरचा नव्हता. तो दारात येऊन उभा राहिला. "सावकाश रे, पायरी ओली आहे," म्हणत एकेका पोराच्या टोपीवर हात ठेवत राहिला. मोठ्यांना नमस्कार करायला शिकवलेली पोरं रीतीप्रमाणे त्याचा हात कपाळाला लावून पुढे सरकत होती. अर्लिंदा त्यांना मागून ढकलत होती आणि मनात म्हणत होती, बोलू नका, कोणीही एक शब्द बोलू नका. तो आवाज शोधतोय. क्रिस्तेलनेही त्याचा हात कपाळाला लावला. बोलली नाही. तिला शिंक आली आणि तिने ती बाहीत दाबली, एवढंच.

बस सुरू झाल्यावर अर्लिंदाने क्रिस्तेलला पुढच्या सीटवर आपल्याजवळ बोलावलं. मागे गाणी सुरू झाली होती, कोणाच्या तरी डब्यातल्या सुक्या मासळीचा वास सुटला होता, आणि एका पोराला ओकारी येत होती. अगदी सहलीसारखी सहल.

"इंदाय," ती हलकेच म्हणाली. आपल्याकडे लाडाने कुठल्याही मुलीला इंदाय म्हणतात, पण आज तो शब्द तिने नाव उच्चारायचं टाळण्यासाठी वापरला. "मघाशी काय म्हणालीस ते पुन्हा म्हणायचं नाही."

"का?"

"कारण तू काही पाहिलेलं नाहीस."

"पाहिलंय, टीचर. मी गाडीखाली होते ना. विज्ञानाचा धडा लिहीत होते."

"धडा लिहीत होतीस म्हणजे वहीकडे बघत होतीस."

"पण मोठ्ठा आवाज झाला. आवाज झाल्यावर कोण वहीकडे बघेल?"

"तू बघत होतीस." अर्लिंदाने तिचं मनगट धरलं. "कुणीही विचारलं, कितीही गोड बोलून विचारलं, तरी तोंड उघडायचं नाही. हात वर करायचा नाही. कळलं? सांग, काय करायचं नाही?"

"तोंड उघडायचं नाही, हात वर करायचा नाही." क्रिस्तेलने पाढा म्हटल्यासारखं म्हटलं. मग जरा वेळाने, "आईपण असंच म्हणाली. पण तुम्हीच म्हणता ना, माहीत असलं की हात वर करायचा?"

अर्लिंदाने खिडकीबाहेर पाहिलं. ऊस होता. दोन्ही बाजूंना ऊसच, डोक्यापेक्षा उंच, आणि पलीकडे डोंगराचं टोक ढगात गेलेलं. ऊस बघितला की तिला आईचा तळहात आठवतो, लसणाचा वास असलेला, नाकातोंडावर गच्च दाबलेला. मामा मळ्यावर मुकादम होता. त्याला उसात मारलं तेव्हा ती उसातच होती, शी करायला बसली होती. की नव्हती? आई म्हणाली, तू उसात नव्हतीस, तू झोपली होतीस. रोज म्हणायची, केस विंचरताना म्हणायची, भात वाढताना म्हणायची, आणि अर्लिंदाही तिच्या मागून म्हणायची, मी झोपले होते. इतकं म्हटलं की आता तिला चटई आठवते, चटईचा गालाला लागलेला खरबरीत काठ आठवतो, आणि उसातलं काहीच आठवत नाही, फक्त एक तपकिरी चप्पल, तीही कुणाची आणि कुठली कोण जाणे. मामाच्या पेटीवरसुद्धा पिल्लू होतं. ते मोठं झालं, कोंबडी झाली, अंडी घालू लागली, आणि कुणाच्याही मनाला काही टोचलं नाही. ज्याच्याबद्दल सगळे गप्प होते तो माणूस दर नाताळला घरी यायचा. एका नाताळला त्याने तिला डोळे मिटणारी बाहुली दिली आणि आईने मागून ढोसलं म्हणून तिने त्याचा हात कपाळाला लावला. तो म्हातारा होऊन अंथरुणावर मेला. आईने हार पाठवला. आणि अर्लिंदा जगली, शिकली, शिक्षिका झाली, पोरांना खरं बोला म्हणून शिकवू लागली. म्हणजे आईचं चुकलं असं तरी कसं म्हणायचं? गप्प बसलं की माणूस जगतं, हे ती पुस्तकात वाचून शिकलेली नव्हती. तिने क्रिस्तेलचं मनगट सोडलं. त्यावर तिच्या बोटांचे लाल वळ उठले होते, ते तिने अंगठ्याने चोळले.

मागच्या काचेतून एक उसाचा ट्रक दिसत होता, दोर सुटलेला, ऊस लोंबणारा. ट्रक वळून मळ्यात गेला तेव्हा त्याच्यामागे मोटारसायकल होती. असेल कोणी, ती मनात म्हणाली. रस्त्यावर मोटारसायकली असतातच. मागच्या सीटवरची पोरं त्या मोटारसायकलकडे बघून हात हलवू लागली आणि तिच्यावरच्या माणसानेही हात हलवला. "सगळे पुढे तोंड करून बसा!" ती एकदम ओरडली. पोरं दचकून गप्प झाली. "टीचरना काय झालं?" कुणीतरी कुजबुजलं. "भूत दिसलं असेल," दुसरं म्हणालं, आणि खसखस पिकली. काय दिसलं ते अर्लिंदाला सांगता आलं असतं तर! हे सगळं आपल्या डोक्यातच चाललं असेल, नसेल का? पोरीने कुणाला तरी पाहून कुणाला तरी ओळखलं असेल. हेल्मेटमध्ये सगळे सारखेच. पण थुंकायला काच वर केली, हे काही पोर मनाने जुळवणार नाही.

ड्रायव्हर मानोंग पेपिंगनी, मानोंग म्हणजे थोरले दादा, बसचा वेग कमी केला.

"का थांबताय, मानोंग?"

"नाक्यावर केळीवालीकडे. थांबायला नको का मध्ये?"

"नको. सरळ शाळेत चला."

त्यांनी आरशातून तिच्याकडे असं पाहिलं की जणू ती त्यांना कपडे काढून चालवायला सांगत होती. "टीचर, मयताच्या घरून सरळ घरी? माझ्या घरात पाळण्यातली नात आहे. जे काही मागे लागलं असेल ते झटकून नको का टाकायला?"

"मानोंग, मी सांगते म्हणून."

"तुम्ही सांगाल हो. पण रात्री पोर तापली तर माझी बायको मला झाडूने मारेल, तुम्हाला नाही."

पोरांनीही गिल्ला केला. "टीचर, थांबायचंच! माझी आजी मला घरात घेणार नाही!" "माझीपण!" "टीचर, पागपाग केलं नाही तर मेलेला माणूस घरी येतो!" हा शब्द तर दुधपित्या पोरालाही माहीत असतो. मागे लागलेलं झटकणं. घरी जाण्याआधी कुठेतरी थांबायचं, काहीतरी खायचं, चार परक्या माणसांत मिसळायचं, म्हणजे त्याचा माग चुकतो. अर्लिंदानेही हे आयुष्यभर पाळलं होतं. आज पहिल्यांदाच तिला ते खरं वाटलं, शब्दशः खरं, आणि म्हणूनच थांबायचं नव्हतं. पण हे मोठ्याने बोलायचं कसं? कुणाला सांगायचं, आमच्या मागे लागलंय ते मेलेलं नाही? तिने तोंड उघडलं आणि मिटलं. आईचा तळहात अजून तिथेच होता. बस थांबली.

नाक्यावर निखाऱ्यांवर केळी भाजत एक म्हातारी बसली होती, पुठ्ठ्याने वारा घालत. तीन-चार ऊसतोड मजूर, एक पाव विकणारा, चर्चमधून आलेल्या दोन बायका, असं गिऱ्हाईक होतं. पोरं बाकांवर चिकटून बसली. अर्लिंदाने क्रिस्तेलला मध्ये बसवलं, सगळ्यांच्या मध्ये, टोपी खाली ओढून. एकसारखे टी-शर्ट, एकसारख्या टोप्या. पोरं उसात हरवली तरी दिसली पाहिजेत. नेस्तोरच्या या कपड्यांनीच आता त्या पोरीला लपवलं होतं, आणि अर्लिंदाला क्षणभर हायसं वाटलं. मग मोटारसायकल आली, सावकाश, वळून सावलीत उभी राहिली. आर्नेलने हेल्मेट काढून आरशाला अडकवलं, केस सारखे केले, आणि तिच्याकडे बघून हसला.

"मलाही सरळ घरी जाता येत नाही ना, टीचर," तो म्हणाला. "आपल्या सगळ्यांनाच मध्ये थांबावं लागतं."

"हो," ती म्हणाली. दुसरं काय म्हणणार?

"पोरं गुणी आहेत तुमची. नेस्तोरला किती कौतुक होतं." त्याने म्हातारीच्या बर्फाच्या पेटीचं झाकण उघडून आत हात घातला आणि आइस कँडीच्या लांबट पिशव्या मूठभर बाहेर काढल्या, लाल, हिरव्या, जांभळ्या. पोरांच्या माना एकदम वळल्या. "मघाशी आत कुणीतरी मला ओळखलं," तो हसत, बाकांसमोर उकिडवा बसत म्हणाला. "आवाज ऐकला, पण गर्दीत चेहरा दिसला नाही. इतकी हुशार पोर कोण बरं? जिने मला ओळखलं तिला पहिली कँडी. कोण होतं ते? हात वर!"

आणि सगळे हात वर गेले. अर्लिंदाला हे अपेक्षित नव्हतं. "मी! मी, काका!" "मीच बोललो!" "खोटारड्या, तू नव्हतास, मी होते!" आवाज घोगरे असलेले पोरगेसुद्धा उड्या मारत होते, दोन्ही हात वर करून, टोप्या पडत होत्या. कँडीसाठी सगळा वर्ग एका सुरात खोटं बोलत होता आणि आयुष्यात पहिल्यांदा अर्लिंदाला त्या खोटेपणाची माया आली, एकेकाला पोटाशी धरावंसं वाटलं. शोध आता, ती मनात म्हणाली, शोध कोण ते. तिने आर्नेलकडे पाहिलं. तो हातांकडे बघत नव्हता. हातांच्या खाली बघत होता. तिने त्याच्या नजरेमागून नजर नेली.

पिवळ्या बाह्यांच्या त्या जंगलात बरोबर मधोमध एक मुलगी तोंड घट्ट मिटून बसली होती. दोन्ही हात मांड्यांखाली दाबलेले. ती टीचरकडे बघत होती, सांगितलेलं सगळं बरोबर करतेय ना म्हणून.

"अरे," आर्नेल हळूच म्हणाला. "हिला नको वाटतं कँडी."

तो उठला. त्याने एक लाल कँडी निवडली, पिशवीवरचं पाणी पँटला पुसलं, आणि पोरांच्या मधून वाट काढत तिच्यापर्यंत गेला. "घे ना, बाळा. नाव काय तुझं? आई काय करते?" क्रिस्तेलने मान हलवली. ओठ आणखी आत ओढून घेतले. "शहाणी आहे," तो अर्लिंदाकडे वळून म्हणाला. "टीचरचं ऐकते."

अर्लिंदाला तेव्हा कळलं. आपण केलं हे. आपणच बोट दाखवलं. कुणी न विचारता, आईने शिकवलं तसं, मायेने. उद्या हा माणूस बेकरीसमोर केळी खायला जाईल. परवा जाईल. तेलाकडे बघणारी आई तेलाकडेच बघत राहील, चौकाचं लक्ष कुठेतरी असेल, आणि वर्गातला एक बाक रिकामा होईल, आणि मुख्याध्यापिकाबाई म्हणतील पाच मिनिटं जाऊन या. गप्प बसलेलं एकटं पोर कुणालाही उचलता येतं. ज्याची गोष्ट सगळा नाका जाणतो त्याला उचलायला मात्र सगळा नाकाच उचलावा लागेल. हे खरं असेल की नाही हे तिला माहीत नव्हतं. नेस्तोर तर सगळ्यांसमोर बोलायचा. पण तो एकटाच बोलायचा, आपण पर्स उचलून निघायचो. म्हातारी वारा घालत होती, मजूर केळी खात होते, मानोंग पेपिंग टायरला लाथ मारून बघत होते.

"क्रिस्तेल," ती म्हणाली. नाव घेऊन, वर्गात घेते तशी, खणखणीत. "उभी राहा."

सगळे हात खाली आले. मजुरांनी वळून पाहिलं. क्रिस्तेल गोंधळली, पण उभी राहिली. उत्तर द्यायला उभं राहतात तशी, टी-शर्ट खाली ओढून, हात दोन्ही बाजूंना सरळ.

"बेकरीपाशी त्या दिवशी काय पाहिलंस ते सांग. या सगळ्यांना ऐकू जाईल असं. मोठ्याने."

"टीचर," आर्नेल म्हणाला. हसू अजून तोंडावर होतं, पण कँडी धरलेला हात तसाच पुढे राहिला होता आणि लाल पाणी मनगटावरून ओघळत होतं. "पोरांचं काय मनावर घ्यायचं."

"तुम्ही विचारलंत ना कोण होतं? ती सांगतेय." अर्लिंदा चालत गेली आणि क्रिस्तेलच्या शेजारी उभी राहिली, इतकी जवळ की दोघींचे दंड एकमेकींना लागले. तिचं अंग कापत होतं आणि ते सगळ्यांना दिसत होतं, दिसू दे. मानोंग पेपिंग टायर सोडून बसच्या पुढून आले. "काय झालं?" त्यांनी विचारलं, आणि आर्नेलला पाहून ते थांबले, पण परत गेले नाहीत.

क्रिस्तेलने घसा साफ केला. ती आर्नेलकडे नाही, समोर बघून बोलू लागली, कवितेसारखं, एकेक वाक्य तोडून. मी गाडीखाली बसले होते. नेस्तोर सर पाव घेऊन बाहेर आले. त्यांनी मला हात केला. इथे तिचा आवाज बारीक झाला आणि ती थांबली. पुढचं सांगायचं की नाही, म्हणून तिने मान वर करून अर्लिंदाकडे पाहिलं. एक मजूर उठला, आणि अर्लिंदाला वाटलं आता हा निघून जाणार, आता सगळेच एकेक करून उठणार. तो दोन पावलं पुढे आला आणि ऐकू यावं म्हणून जवळच्या बाकावर बसला. म्हातारीने वारा घालायचा पुठ्ठा मांडीवर ठेवला.

"मग?" तिने विचारलं. "मग काय झालं, इंदाय?"